बाइंडरताईच्या दाव्याची किंमत

१

गुरुवारी सकाळी सव्वाअकराला, भरल्या कोर्टात, न्यायाधीशबाईंनी पाकिटावरची लाखेची मोहोर फोडली, आत दोन बोटं घातली आणि चार कागद बाहेर काढले. चारही कोरे.

त्यांनी ते उलटून पाहिले. पाकीट उपडं करून झटकलं. मग चष्म्यावरून समोर बघत म्हणाल्या, "या पाकिटात व्हॅल्युअरचा अहवाल होता ना? मग हे काय आहे?"

मागच्या बाकावर बसलेल्या भिंगबाईंनी पिशवी मांडीवरून खाली ठेवली आणि मान उंच केली. निवृत्त झाल्यावर लोक बागेत फिरायला जातात. भिंगबाई दर गुरुवारी कोर्टात येऊन बसायच्या. एकतीस वर्षं त्या इथं शिरस्तेदार होत्या. आलेला प्रत्येक दावा आधी त्यांच्या टेबलावर यायचा. दाव्याची किंमत बरोबर लिहिली आहे का, त्या किमतीला पुरेशी फी लागली आहे का, हे त्या भिंग लावून बघायच्या. खरं नाव पगारपत्रकापुरतंच उरलं होतं.

खटला साधाच होता. समोर उजवीकडे बसलेली पन्नाशीची बाई पुस्तकं बांधायची. तिला सगळे बाइंडरताई म्हणत. डावीकडे तिचा धाकटा भाऊ, औषधाच्या दुकानाचा मालक. वडिलांचा बाइंडिंगचा कारखाना त्यांच्या पश्चात भावाच्या ताब्यात गेला होता. बहीण वयाच्या चौदाव्या वर्षापासून तिथं राबत होती आणि अजूनही तिथंच काम करत होती. आता तिला तिचा निम्मा हिस्सा कायद्यानं हवा होता.

पण मूळ भांडणाला अजून तोंडही लागलं नव्हतं. गाडी अडली होती दाव्याच्या किमतीवर. दावा लावणाऱ्याला मिळकतीची किंमत लिहावी लागते. त्यावर फी ठरते आणि खटला कुठं चालायचा तेही ठरतं. दहा लाखांपर्यंत इथं, या कोर्टात. त्याच्या वर एक पैसा गेला तरी तीन तासांवरच्या शहरात, वरच्या कोर्टात, चौपट फी भरून. सरकारी दर ठरलेला होता, चौरस मीटरला दहा हजार. म्हणजे प्रश्न एवढाच, की कारखाना शंभर चौरस मीटरच्या आत आहे की बाहेर. जुन्या कागदांवरून बहीण म्हणत होती, आत. भाऊ म्हणत होता, वडिलांनी नंतर मागची भिंत सरकवली, म्हणून बाहेर. शेवटी कोर्टानं मोजायला व्हॅल्युअर पाठवला होता, आणि त्याचा अहवाल याच आठवड्यात सोमवारी सीलबंद होऊन दप्तरात आला होता.

"मॅडम, ही सरळसरळ चोरी आहे!" भावाचा वकील ताडकन उठला. "आणि सील न मोडता पाकीट उघडून पुन्हा चिकटवणं हे कुणाच्या हातचं काम आहे, ते मी सांगायला नको. ज्यांचं सगळं आयुष्य कागद, डिंक आणि सरसात गेलं, त्या समोरच बसल्या आहेत."

सगळ्या माना बाइंडरताईकडे वळल्या. ती लालबुंद झाली.

भिंगबाई मात्र तिच्याकडे बघत नव्हत्या. साक्षीदारांच्या बाकावर म्हातारे व्हॅल्युअर बसले होते. वकील बोलायला लागण्याआधी ते अर्धवट उठले होते, तोंडही उघडलं होतं. आता ते हळूच खाली बसले.

न्यायाधीशबाईंनी कोरे कागद पाकिटात परत घातले. "सोमवारी अकरापर्यंत याचा उलगडा झाला नाही, तर मला पोलिसांकडे द्यावं लागेल." मग त्यांची नजर मागच्या बाकावर गेली. "बाई, तुम्ही जरा माझ्या चेंबरमध्ये येता का?"

२

"कोर्ट कमिशनर म्हणून तुमची नेमणूक करते," न्यायाधीशबाई म्हणाल्या. "सगळ्यांशी बोला. दप्तर बघा. पोलीस आले की दोन वर्षांचं घोंगडं आणखी पाच वर्षं भिजत पडेल, आणि ती बाई निर्दोष असली तरी नाव बदनाम व्हायचं ते होईल."

"आणि दोषी असली तर?"

"तर तेही तुम्हीच सांगाल."

भिंगबाईंनी पाकीट खिडकीपाशी नेऊन भिंगाखाली धरलं. जाड तपकिरी कागद, मागे तांबडी लाख आणि त्यात व्हॅल्युअरच्या पितळी शिक्क्याचा ठसा. पुढे कोपऱ्यात हिरव्या शाईत आवक क्रमांक: ५५२.

"दहा लाखांचा वाद आणि पुरावा लाखेचा," त्या पुटपुटल्या आणि खाली दप्तरात गेल्या.

दप्तरखान्याचे मालक म्हणजे किल्लीदादा. कमरेला सतरा किल्ल्यांचा जुडगा, त्यामुळे ते येण्याआधी त्यांचा आवाज यायचा. भिंगबाईंना बघून ते रडकुंडीला आले.

"बाई, पाचावर धारण बसली आहे माझी. अडीच वर्षं राहिली नोकरीची."

"आधी बसा. सोमवारपासून गुरुवारपर्यंत या खोलीत कोण कोण आलं?"

"बाहेरचे म्हणाल तर तिघंच." त्यांनी बोटांवर मोजलं. "मंगळवारी बाइंडरताई. जुन्या वह्या बांधायचं आपलं काम तिच्याकडेच आहे. दिवसभर त्या टेबलाशी बसून होती, डिंकाची वाटी घेऊन."

"कपाटाच्या शेजारी."

"हो ना," किल्लीदादांचा आवाज बसला. "बुधवारी सकाळी तिचा भाऊ आला, कसलीशी नक्कल मागायला. मी त्याला बाहेरच उभा करणार होतो, पण घाम पुसत होता म्हणून आत पंख्याखाली बसवला. आणि बुधवारीच दुपारी व्हॅल्युअरसाहेब. दुसऱ्या एका खटल्यातल्या नकाशावर सही राहिली होती म्हणाले. मी नकाशा काढून दिला, त्यांच्यासाठी पाणी आणलं, सही करून गेले."

"कपाटाला कुलूप?"

किल्लीदादांनी जुडग्याकडे पाहिलं. "दिवसा नसतं, बाई. तुमच्या वेळीही नसायचं."

हे खरं होतं, म्हणून भिंगबाईंनी विषय वाढवला नाही. त्यांनी पाकिटाचा कोपरा पुढे केला. "हा आकडा तुमचा?"

"हिरवी शाई आहे म्हणजे माझाच असेल. रोज तीस-चाळीस पाकिटं येतात, कोण लक्षात ठेवतो?"

"हिरवी दौत कुठं असते?"

"ही काय, टेबलावर."

भिंगबाईंनी आवक नोंदवही उघडली. सोमवारच्या पानावर ५५२ होता. किल्लीदादांचे आकडे म्हणजे उतारावरून घरंगळणारी भांडी. पाचाला पोट सुटलेलं आणि शेपटी खालच्या ओळीत लोळणारी. त्यांनी पाकीट शेजारी ठेवलं. पाकिटावरचे दोन्ही पाच ताठ उभे होते, सारख्या उंचीचे, जणू पट्टी लावून काढलेले.

तो आकडा किल्लीदादांनी लिहिलेलाच नव्हता.

३

बाइंडिंगचा कारखाना म्हणजे एकच लांबलचक खोली. एका भिंतीला पुठ्ठ्यांच्या थप्प्या, मधे दाबयंत्र, खिडकीखाली कामाचं मेज. बाइंडरताई एका जाड वहीचा कणा शिवत होती. सुई थांबवली नाही, फक्त पायानं एक स्टूल पुढे सरकवलं.

"बसा. चोराच्या घरी आलाय तर चहा तरी घेऊन जा."

"चहा घेईनच. आधी एक कामाचं सांग. सीलबंद पाकीट उघडून पुन्हा बंद करता येतं?"

"येतं की. वाफेवर." तिनं दोरा दातानं तोडला. "तुम्ही मला विचारताय, मी उघडलं का? मी उघडलं असतं तर तुम्हाला कळलं नसतं. पण दुसरं कुणी उघडलं असेल तर मला कळेल. आणलंय?"

भिंगबाई क्षणभर विचारात पडल्या. ज्याच्यावर संशय, त्याच्याच हातात पुरावा द्यायचा म्हणजे हात दाखवून अवलक्षण. पण त्यांनी पाकीट दिलं, आणि नजर हटवली नाही.

बाइंडरताईनं ते उजेडात तिरपं धरलं, घडीवरून नखाची पाठ फिरवली, मग नाकाशी नेलं. आणि चकित झाल्यासारखी हसली. "बाई, हे उघडलंच नव्हतं कुणी. वाफ लागली की कागद फुगतो, वाळल्यावर घडीपाशी बारीक लाट राहते. लाखेची चकाकीही जाते, पांढरट होते. बघा, कोर्टात फोडली तेवढी फोडली, बाकीची आरशासारखी आहे."

"चिमट्यानं, ब्लेडनं?"

"कागदाचे तंतू उठतात. इथं एक नाही." तिनं पाकीट परत दिलं. "कोरे कागद आत घालूनच हे बंद केलेलं आहे."

भिंगबाईंनी हे मनात नोंदवलं. सहज विचारल्यासारखं त्या म्हणाल्या, "अहवालात काय आकडा होता, तुला कल्पना होती?"

सुई थांबली. 

"खोटं बोलून काय करू? मोजणीच्या दिवशी मी आणि धाकटा दोघंही इथं होतो. व्हॅल्युअरसाहेब एकेक माप मोठ्यानं म्हणायचे. पुठ्ठे कापून कापून मला गुणाकार तोंडपाठ झालाय. शंभरच्या वर जात होतं, मग पुढची मापं कानात शिरलीच नाहीत. मी हरले होते, बाई. वरच्या कोर्टाची फी माझ्याच्यानं भरवली नसती. अहवाल नाहीसा झाला तर फायदा होणार होता तो माझाच, आणि दिवसभर त्याच्या शेजारी बसले होते तीही मीच."

४

औषधाच्या दुकानात संध्याकाळची गर्दी ओसरली होती. भावानं काउंटरची फळी उचलून भिंगबाईंना आत घेतलं आणि खोकल्याच्या बाटल्यांच्या खोक्यावर स्वच्छ फडकं अंथरलं.

"कमिशनरबाई, माझा वकील जे बोलला ते मी त्याला शिकवलं नव्हतं," तो स्वतःहून म्हणाला. "बहिणीला भर कोर्टात चोर म्हणायला मी काय कसाई आहे?"

"पण थांबवलंही नाहीस."

त्यानं काउंटरखालून एक छोटी वही काढली. "मी कशाला चोरेन? हे बघा. व्हॅल्युअरसाहेब बोलतील तसं मी उतरवून घेत होतो."

वहीत औषधांच्या चिठ्ठ्यांसारखं बारीक, स्पष्ट अक्षर होतं. लांबी सोळा मीटर दहा सेंटिमीटर. रुंदी सहा मीटर तीस. खाली गुणाकार: एकशे एक पूर्णांक त्रेचाळीस. त्याखाली दोन रेघा, खुशीत मारलेल्या. पुढे नकाशासाठी घेतलेली मापं: दार, एक मीटर. खिडकी, दीड मीटर. मेज, दोन मीटर दहा.

"जिंकलेला डाव कोण उधळतो?" तो म्हणाला.

"जिंकून काय मिळणार होतं तुला? खटला इथं चालला काय, तिथं चालला काय, हिस्सा द्यावा लागला तर लागणारच."

भावानं एक बाटली उचलली, उगीच पुसली, परत ठेवली. "वाटलं होतं, ताई दमेल. एवढ्या लांब कुठं हेलपाटे घालेल, म्हणेल जाऊ दे. कारखाना विकून दुकान वाढवायचं होतं मला. बँकेशी बोलून ठेवलं होतं." मग हळूच, "ती दमत नाही, हे लहानपणापासून माहीत असायला हवं होतं."

भिंगबाईंनी वहीतलं पान उतरवून घेतलं. दार, एक मीटर. त्यांनी ते दोनदा वाचलं. दुपारी त्या त्याच दारातून आत गेल्या होत्या. खांद्याला पिशवी, हातात छत्री. तिरकं होऊन शिरावं लागलं होतं.

त्या उठल्या. "तुझी बहीण अजून कारखान्यात असेल?"

"असेल की. पण आता कशाला?"

"दार मोजायला," भिंगबाई म्हणाल्या, आणि फळी स्वतःच उचलून बाहेर पडल्या.

५

बाइंडरताईकडे एक मीटर लांबीची पोलादी पट्टी होती, पुठ्ठे कापायची. अशी पट्टी ताणली जात नाही, आटत नाही आणि कुणाची भीडही ठेवत नाही.

दार भरलं नव्वद सेंटिमीटर.

"खिडकी सांग."

"एक मीटर चाळीस."

"मेज?"

"ते मीच सुताराकडून करून घेतलंय. दोन मीटर, घासून."

भिंगबाईंनी चिठ्ठीवर बोट फिरवलं. दार नव्वदचं शंभर झालेलं. खिडकी एकशे चाळीसची दीडशे. मेज दोनशेचं दोनशे दहा. लहान असो की मोठं, प्रत्येक माप दहानंच वाढलेलं. घाईत चुकणारा माणूस कधी चारनं चुकतो, कधी वीसनं. इतक्या शिस्तीनं कुणी चुकत नाही.

"आता खोली," त्या म्हणाल्या.

मग जे झालं ते न्यायाधीशबाईंनी पाहिलं असतं तर नेमणूक परत घेतली असती. सहासष्ट वर्षांच्या निवृत्त शिरस्तेदार पदर खोचून फरशीवर रांगत होत्या, आणि मागून बाइंडरताई खडूनं खुणा करत येत होती. पट्टी ठेवायची, खूण, उचलायची, पुन्हा ठेवायची. मधल्या दाबयंत्राला वळसा घालताना दोघींची डोकी आपटली आणि बाइंडरताई दोन वर्षांत पहिल्यांदा खळखळून हसली असावी, कारण हसू थांबवायचं कसं हे तिला आठवेना.

लांबी बरोबर सोळा. रुंदी सहा मीटर वीस.

"नव्याण्णव पूर्णांक वीस," बाइंडरताईनं कागदाशिवाय गुणाकार केला. तिचा चेहरा पालटला. "म्हणजे मी जिंकले होते? मग मी चोरी कशाला करेन?"

"तुला ते माहीत नव्हतं, म्हणून तू अजून सुटलेली नाहीस," भिंगबाई गुडघे चोळत उठल्या. "पण ज्याला हे माहीत झालं होतं, असा एक माणूस आहे."

६

शनिवारी सकाळी व्हॅल्युअरसाहेबांच्या कचेरीत दोन पंखे फिरत होते, तरी त्यांच्या कपाळावर घाम होता. भिंतीवर नकाशांच्या गुंडाळ्या, टेबलावर पितळी शिक्का, आणि पेन्सिलींच्या शेजारी एक कोरी करकरीत मोजपट्टी, पिवळ्या प्लॅस्टिकच्या डबीतली.

"तुमची ती चामड्याच्या डबीतली कापडी टेप कुठं गेली?" भिंगबाईंनी विचारलं. "मी नोकरीला लागले तेव्हापासून तुमच्या कमरेला बघत आले."

"जुनी झाली. टाकून दिली."

"तुम्ही? तुम्ही शिसपेन्सिलीचं थोटूकही टाकत नाही."

भिंगबाईंनी खुर्ची पुढे ओढली. आवाज चढवला नाही. चूक दाखवताना आवाज चढवायचा नाही, हा त्यांचा एकतीस वर्षांचा शिरस्ता होता.

"मी बोलते, चुकलं तर थांबवा. पाकीट वाफेवर उघडलेलं नाही, कोरे कागद घालूनच ते बंद केलं होतं. म्हणजे मूळ पाकीट उचलून तिथं हे दुसरं ठेवलं गेलं. त्यावर ठसा तुमच्या शिक्क्याचा, आणि शिक्का तुमच्या टेबलावरून हलत नाही. वरचा ५५२ किल्लीदादांच्या हातचा नाही. पट्टीत बसवलेले असे आकडे नकाशे काढणारा माणूस लिहितो. हिरवी दौत टेबलावर होती, आणि बुधवारी किल्लीदादा तुमच्यासाठी पाणी आणायला गेले होते."

"मी स्वतःचाच अहवाल कशाला चोरेन?" ते क्षीणपणे म्हणाले.

"तिथंच मी अडले होते. भावाला आकडा हवाच होता. बहिणीला तो नको होता, पण तिच्यापाशी तुमचा शिक्का नव्हता. मग मी दार मोजलं." त्यांनी चिठ्ठी टेबलावर ठेवली. "तुमचं प्रत्येक माप दहा सेंटिमीटरनं जास्त आहे. टेपचा पहिला दहा सेंटिमीटरचा तुकडाच नसला, तर असंच होईल ना? कडी शून्यावर नाही, दहावर बसलेली."

व्हॅल्युअरसाहेबांनी चष्मा काढला. बराच वेळ ते तो पुसत राहिले. मग खालचा खण उघडला आणि दोन वस्तू बाहेर ठेवल्या. चामड्याची डबी, आणि एक तपकिरी पाकीट. लाख शाबूत. कोपऱ्यात पोट सुटलेले दोन पाच.

"फाडायला हात धजला नाही," ते म्हणाले. "कोर्टाचा कागद आहे."

"झालं कसं?"

"डबीची शिवण उसवली होती, चांभाराकडे दिली. भला माणूस. टेपचं टोक फाटलेलं दिसलं, तर न सांगता, पैसे न घेता तेही नीट करून दिलं. फाटका तुकडा कापला आणि कडी पुन्हा बसवली. सुरुवात मी कधी बघतो? कडी धरायची आणि टोकाचा आकडा वाचायचा, चाळीस वर्षांची सवय." ते कसनुसं हसले. "मंगळवारी घरी पडद्याची दांडी आली, माझ्याच मापानं कापलेली. खिडकीत बसेना. दहा सेंटिमीटर लांब. मी टेप उलगडली आणि माझ्या पायाखालची जमीन सरकली."

"कोर्टात अर्ज द्यायचा. चूक झाली, पुन्हा मोजतो. दोन ओळी."

"सगळे म्हणतात, व्हॅल्युअरसाहेबांचा आकडा म्हणजे काळ्या दगडावरची रेघ. त्या दोन ओळी लिहायला बसलो, रात्रभर जमलं नाही. चोरून मोजायलाही जाता येईना, दोघांना नोटीस द्यावी लागते. मग वाटलं, कोरे कागद निघाले तर लोक म्हणतील, म्हातारा विसरला. हसतील. कोर्ट पुन्हा मोजायला सांगेल, मी बरोबर मोजेन आणि ताईचं नुकसान टळेल. गुरुवारी मी तेच सांगायला उठलो होतो. तेवढ्यात तो वकील चोरी म्हणून ओरडला, त्या पोरीकडे बोट केलं, आणि माझी जीभ टाळ्याला चिकटली. त्या घडीपासून घास गिळवत नाहीये."

भिंगबाईंना त्यांचा राग यायला हवा होता. आला तो अर्धाच.

"त्या टेपनं आणखी काय काय मोजलंत?"

"घरची खिडकी सोडली तर ही एकच मोजणी. डबी त्याच आठवड्यात चांभाराकडून आली होती. ते आधी तपासलं."

भिंगबाईंनी टेबलावरचा कोरा कागद त्यांच्यापुढे सरकवला आणि पेनाचं टोपण काढून दिलं. "दोनच ओळी नका लिहू आता. सगळं लिहा. मी बसते. घाई नाही मला."

७

सोमवारी न्यायाधीशबाईंनी तो जबाब मोठ्यानं वाचून दाखवला. व्हॅल्युअरसाहेब उभे राहून ऐकत होते. बसायला सांगितलं तरी बसले नाहीत. वाचून झाल्यावर ते बाइंडरताईसमोर गेले आणि हात जोडले. ती गडबडून उठली आणि त्यांचे हात खाली केले.

कोर्टानं त्यांना दंड केला, खडसावलं, आणि वर्षभर कोर्टाचं काम बंद केलं. पुढे न्यायाधीशबाई म्हणाल्या, "चूक झाली ती टेपची. लपवली ती तुम्ही. दंड लपवण्याचा आहे." भावाच्या वकिलाला त्यांनी बाइंडरताईची माफी मागायला लावली, आणि त्याच दिवशी दुपारी, पक्षकारांसमोर, पुन्हा मोजणीचा हुकूम केला. किल्लीदादांना कपाटाला कुलूप लावायचा लेखी आदेश मिळाला. ते इतके खूश झाले की जुडग्याला अठरावी किल्ली त्यांनी जेवायच्या सुट्टीतच आणली.

दुपारी शहरातून दुसरी व्हॅल्युअर आली, तरुण, मोजकं बोलणारी. तिनं टेपचं एक टोक भावाच्या हातात दिलं, दुसरं बहिणीच्या. "शून्य कडीपाशी आहे ना, दोघांनी बघून घ्या."

सोळा मीटर. सहा मीटर वीस. भावानं स्वतः वहीत गुणाकार केला आणि पेन खिशात ठेवलं. "नव्याण्णव पूर्णांक वीस. माझी हरकत मी मागे घेतो." वकिलानं त्याची बाही ओढली, तसा तो म्हणाला, "राहू द्या साहेब. दार नव्वदचं आहे हे मला जन्मापासून माहीत आहे. वहीत एक मीटर लिहिताना मला कळायला हवं होतं. आकडा माझ्या बाजूचा होता म्हणून मी बघितलं नाही."

दावा इथंच राहिला. भिंगबाईंचं काम संपलं होतं, पण पाय दुखत होते म्हणून त्या स्टुलावर टेकल्या.

तरुण व्हॅल्युअर नकाशा आवरत होती. भाऊ मात्र गेला नाही. तो मागच्या भिंतीपाशी उभा राहून छताकडे बघत होता.

"ही भिंत बाबांनी सरकवलीच नव्हती म्हणजे," तो म्हणाला.

"सरकवायची होती," बाइंडरताई म्हणाली. "विटा आणल्या होत्या. मग तुझी फी भरायची आली आणि त्यांनी विटा विकल्या. तू औषधांचं शिकायला गेलास ना, त्या वर्षी."

त्यानं दाबयंत्राकडे पाहिलं. मग घसा खाकरून म्हणाला, "वाटणी करायचीच झाली तर मधे भिंत कुठं घालायची? दाबयंत्र तर मधोमध आहे."

"दाबयंत्र हलणार नाही."

"म्हणजे मला काय कोपरा देणार? आणि खिडकी कुणाकडे?"

"खिडकी माझीच. उजेड नसला तर मी शिवू कशी? तुझ्या गोळ्यांना कशाला हवा उजेड?"

"उजेड नको असतो हे खरं, पण हवा नको का? ताई, तू नेहमी असंच करतेस. पतंगाच्या वेळीही—"

"पतंग तू फाडलास!"

आवाज चढत गेले. वकील मधे काही सांगायला पुढे सरसावला, तेव्हा भिंगबाईंनी छत्री आडवी धरून त्याला अडवलं आणि दाराबाहेर नेलं. दोन वर्षं ही भावंडं अर्ज, उत्तर, प्रत्युत्तर अशी कागदावरून भांडत होती. आज दोघं तोंडानं भांडत होती, आणि त्यात निम्मं भांडण भिंतीचं नव्हतंच.

बाहेर उन्हं कलली होती. न्यायाधीशबाईंची गाडी कोर्टातून परतताना कारखान्यासमोर थांबली. त्यांनी काच खाली केली. आतून ओरडण्याचा आवाज रस्त्यापर्यंत येत होता.

"काय हो बाई, हे काय चाललंय? आत कुणाला पाठवू का?"

भिंगबाईंनी कान देऊन ऐकलं. भाऊ म्हणत होता, खिडकी घे, पण मग पोटमाळा माझा. बहीण म्हणत होती, पोटमाळा घे, पण जिना मी देणार नाही.

"नको मॅडम," त्या प्रसन्नपणे म्हणाल्या. "भांडण फार चांगलं चाललंय. कुणी मधे पडू नका."